ओदिली नावाचा मासा

मोंतीन्यी, ३ सप्टेंबर १८५३

आन्सेल्म,

तुझं पत्र मिळालं. पिंपातलं पाणी दर तिसऱ्या दिवशी बदलायचं, तेही निम्मंच, आणि नदीचंच घालायचं, विहिरीचं नाही. वरून चमचाभर खमिराचं पाणी. दार बंद, ऊन नको, मांजर नको. सगळं नीट वाचलं. चार पानांत ‘ताई, तू कशी आहेस’ एवढं मावलं नाही, याचं मला आता नवल वाटत नाही. मावलं असतं तर तुझीच तब्येत बिघडली की काय, अशी शंका आली असती.

मी बरी आहे. विचारलं नाहीस, तरी सांगते.

जूनमध्ये तू ‘सहा आठवड्यांत येतो’ म्हणून पॅरिसला गेलास. दारावरची तुझी पाटी मी काढलेली नाही, त्यामुळे लोक येतात. पाववाल्याची बायको पायाची जखम घेऊन तीनदा येऊन गेली. तू धुतोस तशी मी ती धुतली, पट्टी बांधली आणि शोव्हिन्यीच्या डॉक्टरकडे जा म्हटलं. ती म्हणाली, तो नाडी बघतो, माणूस बघत नाही. मग विचारते, आमचे डॉक्टर माशांचं आटपून कधी येणार? मी काय सांगू? पटकीच्या साथीत चाळीस दिवस ज्याने पायातले बूट काढले नाहीत, त्या डॉक्टरला हे गाव आता ‘माशांचे डॉक्टर’ म्हणायला लागलं आहे, आणि त्यात थट्टेपेक्षा कंटाळा जास्त आहे.

निघताना तू म्हणालास, “ताई, तुला माशातलं कळतं ते फक्त कालवण.” ते मी विसरलेले नाही. तरी रोज सकाळी गुडघे टेकून तुझ्या पिंपात डोकावते आहे. ज्या प्राण्याला तू माझं नाव दिलंस तो बोटभर लांब, वामेसारखा बुळबुळीत, आंधळा, बिनदाताचा आणि जन्मभर चिखलात तोंड खुपसून राहणारा आहे. हे मी वीस वर्षं कौतुक म्हणून ऐकत आले. पाहुणे आले की तू सांगायचास, “ही माझी बहीण ओदिल, आणि हा तिच्या नावाचा मासा, ओदिली.” आणि पाहुणे एकदा माझ्याकडे, एकदा बाटलीकडे बघायचे.

तुझ्या ओदिल्या अकराच्या अकरा जिवंत आहेत. एकीच्या डोक्यावर दोन्ही बाजूंना काळा ठिपका दिसतो आहे. घाण असेल म्हणून पिसाने पुसून पाहिला. जात नाही.

त्या माणसाचं पुस्तक दुकानदाराने पाठवलं आहे. तूच मागवलं होतंस म्हणे. मी उघडलेलं नाही. तुझ्या टेबलावर ठेवलं आहे.

ओदिल


मोंतीन्यी, २ ऑक्टोबर १८५३

आन्सेल्म,

या वेळी पत्र लवकर आलं, म्हणजे राग आला आहे. तुझं म्हणणं, माझ्या निष्काळजीपणामुळे पिंपात भलताच मासा शिरला. कुठून शिरला ते सांगतोस का? धुण्याच्या खोलीला एकच दार आहे, त्याची किल्ली माझ्या कमरेला असते, आणि नदी दोनशे पावलांवर आहे. मासा अंगणातून चालत आला, दार वाजवलं आणि मी त्याला आत घेतलं, असं तुला म्हणायचं आहे?

पिंपात अकरा होत्या, अकराच आहेत. एखादा आत आला असता तर बारा झाल्या असत्या. एवढं गणित कालवण करणाऱ्या बाईलाही येतं.

आता काय झालं आहे ते ऐक. पहिल्या ओदिलीचे ठिपके मोठे झाले. वरची कातडी पातळ होत गेली आणि आत चकचकीत काहीतरी दिसायला लागलं. मागच्या आठवड्यात मी मेणबत्ती जवळ नेली तर ती बाजूला सरकली. आन्सेल्म, ते डोळे आहेत. अशा आता पाच झाल्या. त्यांचं तोंडही बदललं आहे. आधी वरचा ओठ टोपीसारखा पुढे आलेला होता, आता ते गोल झालं आहे, नाण्यासारखं, आणि आत बारीक दात आहेत. खमिराचं पाणी त्या घेत नाहीत. काहीच खात नाहीत.

मला काही सुचेना म्हणून मी कोळीण तोनेतमावशीला बोलावलं. तुला आवडणार नाही, पण साठ वर्षं जिचे हात त्या नदीत आहेत तिला नाही विचारायचं तर कोणाला? तिने पिंपात हात घातला, एक उचलली, पोटाकडून उलटी केली आणि गालाजवळची सात भोकं मला मोजून दाखवली.

“ही सातभोकी आहे, बाईसाहेब. वसंतात दगडांवर चिकटलेल्या असतात त्या.”

मी म्हटलं, जूनमध्ये ही आंधळी होती.

“असणारच. पोर आहे ना ते. चिखलात वाढतं, वेळ आली की डोळे फुटतात. मी डॉक्टरांना पटकीच्या वर्षीच सांगितलं होतं. ते हसले. मग मी पण हसले.”

ती तुला हसत नव्हती, एवढं मी मुद्दाम सांगते. तुझ्याबद्दल वाईट बोलणारी ती बाई नाही. तिचा नवरा तू वाचवलास, ते ती अजून सांगते.

ओदिल


मोंतीन्यी, ११ नोव्हेंबर १८५३

आन्सेल्म,

‘तुला गास्पारने पढवलं आहे’ हे वाक्य लिहायला तुला किती वेळ लागला? मला ते वाचायला दोन दिवस लागले. पहिल्या दिवशी मी पत्र चुलीत टाकायला निघाले होते.

गास्पार व्हिन्यों यांना मी वीस वर्षांत एक ओळ लिहिलेली नाही. ते तूरमध्ये असतात, त्यांना बायको आहे, चार मुलं आहेत, एवढं मला माहीत आहे, कारण एवढं सगळ्यांनाच माहीत आहे. आणि तू नाव काढलंच आहेस तर आता मीही काढते. या घरात ‘तो माणूस’ याशिवाय दुसरा शब्द नाही. मीही तोच वापरत आले आणि त्याचा मला वीट आला आहे.

तू सेनेगालहून परत आलास ते हिवतापाने पिवळा होऊन, शंखांच्या सात पेट्या घेऊन. बाबा म्हणाले होते, जहाजावर डॉक्टर म्हणून पाठवला, कोळी होऊन आला. मी तुझ्या बाजूने त्यांच्याशी भांडले. तू इथे पाटी लावलीस, मी घर सांभाळलं. मग पटकी आली आणि मदतीला दुसरे डॉक्टर म्हणून गास्पार आले. तुम्ही दोघं एका ताटातून जेवत होतात, एकच घोडा वापरत होतात. साथ गेली तरी ते गेले नाहीत. का गेले नाहीत ते तुलाही माहीत होतं. ईस्टरनंतर चर्चमध्ये आमच्या लग्नाची घोषणा व्हायची होती.

आणि मग त्या मार्चमधलं जेवण. त्यांनी बशीत दोन मासे ठेवून आणले. एक तुझी ओदिली, दुसरीला कातडीखाली डोळ्यांसारखं काही. ते म्हणाले, “आन्सेल्म, हे दोन नाहीत, एकच आहे असं मला वाटतं. घाई करू नकोस.” तू म्हणालास, लेख पाठवून झाला. ते म्हणाले, परत मागव. मग तुमचा आवाज चढला. आणि शेवटी तू माझ्याकडे वळलास: “ताई, तू सांग. मासा तुझ्या नावाचा आहे.”

मी म्हणाले, “आन्सेल्म चुकणार नाही.”

गास्पारनी हातरुमालाची घडी घातली, ती बशीशेजारी ठेवली आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने ते गेले.

तुझ्यामुळे माझं लग्न मोडलं असं मी मनात धरून बसले होते. कधी बोलले नाही, पण भांडी जोरात ठेवायचे ती त्यासाठीच, आणि तुला ते कळायचं. आता खरं सांगते. तू मला अडवलं नव्हतंस. तू फक्त विचारलं होतंस. मला त्या बशीतलं काही कळत नव्हतं, आणि तरी मी बोलले, कारण पॅरिसच्या छापील कागदावर माझं नाव येणार होतं आणि मला ते हवं होतं. चौतीस वर्षांची होते मी. तोवर माझं नाव फक्त धुण्याच्या कपड्यांवर दोऱ्याने काढलेलं होतं.

म्हणजे ज्या माशासाठी मी त्या माणसाला जाऊ दिलं, तो मासा नव्हताच. तो दुसऱ्याच एका माशाचं पोर होतं. हे मी रोज सकाळी पिंपापाशी गुडघ्यावर बसून बघते आहे आणि तू मला लिहितोस की मला कोणीतरी पढवलं.

दोन मेल्या. त्या मद्यार्कात घालून ठेवल्या आहेत, अर्धे डोळे फुटलेल्या अवस्थेत. नऊ आहेत. नवांनाही डोळे आले.

ओदिल


मोंतीन्यी, २२ जानेवारी १८५४

आन्सेल्म,

नाही.

पिंप मी नदीत ओतणार नाही. तीनदा लिहिलंस, तीनदा वाचलं, आणि उत्तर तेच आहे. मद्यार्कातल्या दोन्ही बाटल्या मी माझ्या कपाटात ठेवल्या आहेत, तेव्हा तेही विसर.

चौदा मार्चला तू पॅरिसच्या शास्त्रज्ञांच्या सभेपुढे उभा राहून तुझ्या ग्रंथाच्या तिसऱ्या खंडातलं ओदिलीचं प्रकरण वाचणार आहेस असं कळवलंस. सगळे मोठे लोक येतील म्हणतोस. तू वाचशील की हा मासा जन्मभर आंधळा असतो, आणि त्याच वेळी इथे धुण्याच्या खोलीत नऊ ओदिल्या माझ्याकडे बघत असतील. तुला हे कसं जमतं? तू पेशंटची जीभ न बघता औषध दिलेलं मी कधी पाहिलं नाही. सुताराच्या पोटात गाठ आहे असं तुला वाटलं, आणि नव्हती, तेव्हा तू अर्ध्या वाटेतून परत जाऊन त्याला सांगितलंस की मी चुकलो. पावसात गेला होतास. तो डॉक्टर कुठे गेला? माणसांच्या बाबतीत तुला चूक कबूल करता येते, मग या बोटभर प्राण्यापुढे काय होतं तुला?

आता माझी एक कबुली. गास्पारचं पुस्तक मी उघडलेलं नाही असं सप्टेंबरात लिहिलं, ते खोटं होतं. आलं त्याच दिवशी मी सुरीने जोडलेली पानं कापून ते वाचायला घेतलं. तू ते तिकडे का मागवून घेत नाहीस हे मला माहीत आहे. त्यात तुझे वाभाडे काढले असतील अशी तुला भीती आहे, आणि त्या भीतीपोटीच तू पॅरिसला धावलास, त्याच्या आधी बोलून मोकळं व्हायला.

त्यात तुझ्याबद्दल काय आहे ते उतरवून पाठवते. पान दोनशे सहा. एकच वाक्य आहे: ‘मोंतीन्यीच्या डॉ. ब्रेशोन यांनी वर्णिलेल्या आंधळ्या जातीविषयी या ग्रंथात मी मत देत नाही. त्याची कारणं खासगी आहेत.’

बस. सगळ्या नद्यांच्या सगळ्या माशांवर जो माणूस सहाशे पानं बोलतो, तो इथे गप्प बसला आहे. त्याला तेव्हाच ठाऊक होतं. कधीही लिहू शकला असता. वीस वर्षं तू जेवणाच्या टेबलावर ज्या शत्रूवर चवताळून उठायचास, त्याने तुझ्याविरुद्ध एक अक्षर लिहिलेलं नाही.

ते वाक्य वाचल्यावर मी तुझ्या खुर्चीत बसून राहिले. दारावर कोणीतरी दोनदा ठोठावून गेलं. मी उठले नाही.

ओदिल


मोंतीन्यी, ६ मार्च १८५४

आन्सेल्म,

तुझं उत्तर नाही, म्हणून मीच येते. दहा तारखेला इथून गाडीने प्वातिए, तिथून आगगाडी. बरोबर झाकणाची बादली असेल आणि तीत नऊ ओदिल्या. तोनेतमावशीने शेवाळ कसं भरायचं ते दाखवलं आहे. बारा तारखेला तुझ्या दारात उभी असेन. घरमालकिणीला सांगून ठेव, नाही तर ती मला मासेवाली समजून मागच्या दाराने पाठवेल.

सभेत मी काही बोलणार नाही. बायकांना तिथे बोलता येत नाही हे मला माहीत आहे. तू या ओदिल्यांकडे एकदा बघावंस, एवढंच मला हवं आहे. बघितल्यावरही तुला तेच वाचायचं असेल तर वाच. मग मी घरी परत येईन आणि तुझी पाटी काढून ठेवीन.

ओदिल


मोंतीन्यी, १९ मे १८५४

आन्सेल्म,

तू म्हणशील, पॅरिसला काय झालं ते मला कशाला सांगतेस, मी तिथे होतो. पण तुला जे आठवतं आहे आणि जे झालं त्यात दर पत्रागणिक फरक पडत चालला आहे, म्हणून एकदा लिहूनच काढते.

मी पोहोचले तेव्हा नवांपैकी सहा जिवंत होत्या. तू मला ‘ये’ म्हणाला नाहीस. बादलीकडे बघून म्हणालास, “हे काय नाटक आहे, ताई?” मी झाकण काढलं आणि खुर्चीवर बसले. तू बराच वेळ भिंतीकडे तोंड करून उभा होतास. मग भिंग घेतलंस. मग गुडघे टेकलेस.

तासभर तू एकेक उचलून बघितलीस. माझ्या कपाटातल्या दोन्ही बाटल्याही मी बादलीशेजारी ठेवल्या, आधी अर्धे डोळे फुटलेल्या, मग आताच्या, अशा क्रमाने. शेवटी तू म्हणालास, “वीस वर्षं.”

मला वाटलं, तू माझ्याबद्दल बोलतो आहेस. मी तुझ्या खांद्यावर हात ठेवला. तेवढ्यात तू म्हणालास, “वीस वर्षं मी लोकांना हे दाखवत आलो.” मी हात काढून घेतला. तुझ्या लक्षात आलं नाही.

पण त्या रात्री तू लेख फाडलास आणि नवा लिहिलास, हेही मी लिहिते, कारण ते खरं आहे, आणि ते करायला छाती लागते. चौदा तारखेला मी मागच्या बाकावर दोन अनोळखी बायकांच्या मध्ये बसले होते. तू उभा राहिलास आणि म्हणालास, ओदिली नावाची जात अस्तित्वात नाही. मला वाटलं, मोंतीन्यीचा डॉक्टर परत आला. मला रडू आलं. शेजारच्या बाईने रुमाल दिला.

मग तू पुढे वाचलंस. ‘मी अकरा मासे पिंपात ठेवले. मी त्यांचं रोज निरीक्षण केलं. मला असं आढळलं.’ लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक म्हातारे गृहस्थ उठून तुझा हात हातात घेऊन उभे राहिले. एका तासात चुकलेल्या माणसातून तू शोध लावणारा माणूस झालास. मी रुमाल परत केला.

बाहेर मी तुला विचारलं. तू अगदी निरागसपणे म्हणालास, “पण पिंप माझंच होतं, ताई.” तू खोटं बोलत नव्हतास. तुला खरंच तसं वाटत होतं. त्यालाच मी काय करू? लबाड माणसाशी भांडता येतं.

त्यानंतर तुझी चार पत्रं आली. पहिल्यात ‘आपण पाहिलं’ होतं. दुसऱ्यात ‘तू मदत केलीस’. तिसऱ्यात पाणी बदलणारी एक मोलकरीण आहे. चौथ्यात तीही नाही. गास्पारचं नाव कुठेच नाही. तोनेतमावशी तर या जगात जन्मलीच नाही.

मागच्या आठवड्यात छापखान्याकडून तिसऱ्या खंडाची मुद्रितं आली. पहिल्या दोन खंडांची मीच तपासली होती, तेव्हा ते सवयीने माझ्याकडेच पाठवतात. सोबतच्या चिठ्ठीत लिहिलं आहे, बाईंनी सही करून परत केली की लगेच छपाईला घेतो.

मी दोन दिवस बसून ती तपासली. तुझ्या व्याकरणाच्या एकवीस चुका काढल्या. मग ते प्रकरण आलं. ‘मी ठेवले’ तसंच राहू दिलं, कारण ठेवले तूच होतेस. ‘मी निरीक्षण केलं’ हे जिथे जिथे होतं तिथे ‘माझी बहीण ओदिल ब्रेशोन हिने’ असं घातलं. तळटीप दिली: ‘सन १८३३ मध्ये डॉ. गास्पार व्हिन्यों यांनी प्रस्तुत लेखकाला हीच शंका बोलून दाखवली होती. प्रस्तुत लेखकाने ती ऐकली नाही.’ त्याखाली आणखी एक: ‘मोंतीन्यीच्या कोळ्यांना हे पूर्वीपासून माहीत आहे.’ तोनेतमावशीला विचारलं, तुझं नाव घालू का? ती म्हणाली, नको, लोक येऊन त्रास देतील.

जातींच्या यादीतलं माझं नाव मी माझ्या हाताने खोडलं. पेन थोडं अडखळलं, ते कबूल करते.

तुझ्या वाक्यांना मी दुसरीकडे कुठे हात लावलेला नाही. सेनेगालचं प्रकरण सुंदर झालं आहे. आपण दोघं लहानपणी पुलाखाली मासे धरायचो ते तू प्रस्तावनेत लिहिलं आहेस, ते वाचून मी हसलेही. असं लिहिणाऱ्याला एक नाव घालायला काय जड जात होतं, ते मला मरेपर्यंत कळणार नाही.

आता तू चिडशील. लगेच छापखान्यात धाव घ्यावी असं तुला वाटेल. म्हणून सांगते. सही केलेली मुद्रितं सोमवारच्या गाडीने गेली. आज शुक्रवार आहे. हे पत्र मी मुद्दाम आज टाकते आहे.

तुझी बहीण,
ओदिल ब्रेशोन